तगमार्तची घडी

आमच्या तगमार्तमध्ये पाणी आणि वेळ एकाच झऱ्यातून येतात. निदान माझे बाबा तसं म्हणायचे. त्यांनी त्या दोन्हींचा लगाम बेचाळीस वर्षं हातात धरला होता, तेव्हा त्यांचं म्हणणं मी खोटं कशाला पाडू?

तगमार्त म्हणजे घोडी. गावाच्या मूळपुरुषाची तहानलेली घोडी वाळूत टाप आपटत राहिली आणि तिच्या खुराखालून झरा फुटला, म्हणून गावाला तिचं नाव. ते पाणी फार खोलवरचं, फार जुनं. बाहेरच्या जगात किती राजे आले नि गेले, तेवढा सगळा काळ ते खाली अंधारात पडून होतं. पोटात एवढा काळ घेऊन वर येणारं पाणी कधी ना कधी उधळणारच. ते उधळलं की गावातली वेळही उधळते. मग आमच्याकडे म्हणतात, ‘घोडी सुटली.’

मी सात-आठ वर्षांचा असताना मब्रूका आत्या भाकरी भट्टीत लावून मीठ घ्यायला वळली आणि परत बघते तो भाकरीचा कोळसा. तेव्हाच पलीकडच्या घरात चहाला उकळी फुटता फुटत नव्हती. ‘घोडी सुटली, सासीला सांगा!’ असा धाब्याधाब्यांवरून, घरांच्या सपाट छपरांवरून पुकारा झाला. सासी म्हणजे माझे बाबा. ते चौकातच बसलेले होते. त्यांनी घडी बसवली आणि पलीकडचा चहा एकदम उतू गेला.

बाबांची जागा तुतीच्या चौकात होती. आमच्या गल्ल्या वरून झाकलेल्या, गार, अंधाऱ्या. पण चौकाच्या छतात एक मोठा झरोका आहे, त्यातून ऊन थेट तुतीच्या झाडावर पडतं. झाडाजवळ भिंतीत कोनाडा आणि कोनाड्यात टांगलेला कादूस. कादूस म्हणजे तांब्याचं भांडं, बुडाला बारीक भोक. भरायचं, रिकामं होऊ द्यायचं, एक गाठ मारायची, पुन्हा भरायचं. कुणाच्या बागेला किती कादूस पाणी ते ठरलेलं. तितक्या गाठी झाल्या की हाळी द्यायची. बागेतला माणूस आपलं पाण्याचं दारं बुजवतो, पुढचा आपलं फोडतो. हे काम कुणालाही जमेल. घडी बसवणं मात्र आमच्याच घराला येत होतं, सात पिढ्या.

ते असं करायचं. खजुराच्या पातीची ओली पट्टी घ्यायची, एक टोक समोरच्या पाटात सोडायचं आणि दुसरं बोटांत धरायचं. घोडी सुटलेली असली की पट्टी नुसती थरथरत नाही, ती ओढ घेते. त्या ओढीवर सात गाठी मारायच्या. पहिल्या तीन गाठींत तिच्याबरोबर पळायचं. चौथीला तिला वळवायचं. उरलेल्या तीन गाठींत चालवत घरी आणायचं.

“ओढू नकोस,” बाबा मला शिकवायचे. “तू तिच्याच कळपातला आहेस असं तिला वाटलं पाहिजे. बरोबर पळ. मग अर्धं पाऊल मागे राहा, तीही राहील. चौथी गाठ म्हणजे ते अर्धं पाऊल.”

ते सांगायचे आणि मी मान डोलवायचो. मला वाटायचं, आपल्याला आलं. माझी बोटं चपळ होती, गाठ डोळे मिटून मारायचो. सगळं गाव म्हणायचं, सासीचा मिलूद बापाच्या वरताण होणार.

मग हनियाचं लग्न आलं. हनिया माझ्या काकांची मुलगी. त्या दिवशी बाबा तापाने फणफणले होते, म्हणून कोनाड्यापाशी मी बसलो होतो. दुपारची नमाज झाली, वर धाब्यांवर ढोलकी सुरू झाली आणि घोडी सुटली. मी पट्टी टाकली. पहिल्या तीन गाठी झकास बसल्या. मग ओढ अशी काही वाढली की मी घाबरून चौथी गाठ घाईने आवळली.

गाठ बसली, पण वेळ तुटली. क्षणापूर्वी दुपार होती आणि आता सूर्यास्ताची बांग ऐकू येत होती. बायकांच्या हातांवर मेंदी वाळली होती, परातींत कोकराची हाडं उरली होती, काझी आपला बिदागीचा खजूर पदरात घेऊन निघाला होता. लग्न लागलेलं होतं, पण ती अख्खी दुपार गावात कुणालाच आठवत नव्हती. आजही आठवत नाही.

हनिया अजून मला झरोक्यातून हाका मारते. “काय रे मिलूद, माझी दुपार कुठे ठेवलीस? मी ‘कबूल’ म्हटलं की नाही ते मला आठवत नाही. उद्या नवऱ्याला म्हटलं, नव्हतंच म्हटलं, तर तू येशील का मध्ये पडायला?” ती हसते, सगळी धाबी हसतात. तेव्हा मात्र मला हसू येत नव्हतं. बाबा तापातून उठले, परत कोनाड्यापाशी जाऊन बसले. मला एका शब्दाने बोलले नाहीत, आणि तेच मला जास्त लागलं. मी बागेत गेलो, कुदळ घेतली, आणि तेरा वर्षं पट्टीला हात लावला नाही.

आता माझ्या बहिणीविषयी. आमच्या गावात गल्ल्या पुरुषांच्या आणि धाबी बायकांची. बायका धाब्यावरून धाब्यावर गावभर फिरतात; त्यांचा बाजार, त्यांची भांडणं, त्यांची सोयरीक सगळं वर. तिब्रा माझ्याहून आठ वर्षांनी धाकटी. चोविसाव्या वर्षी विधवा होऊन घरी परत आली. तिचा नवरा तांड्याबरोबर गेला होता, तो तापाने वाटेतच गेला. परत आली ती रडत बसली नाही. खजुराच्या तंतूंचे दोर वळायला लागली. तिचे दोर विहिरीला, उंटांना, मोटेला सगळ्यांना हवे असायचे. आणि बसायची कुठे, तर चौकाच्या झरोक्याच्या कडेला, लहानपणीच्याच जागी. मला वाटायचं, उजेडासाठी बसते.

एकदा मी वर घरात गेलो तर खुंटीवर तिचे दोर टांगलेले. प्रत्येकाला सात गाठी.

“हे काय? गाठी कशाला?”

“दोर उसवू नये म्हणून.”

“सात?”

ती दोर वळत राहिली. मग म्हणाली, “दादा, एक सांगू? रागावू नकोस. हनियाच्या लग्नाला तू चौथ्या गाठीला डोळे मिटलेस. बाबा मिटत नाहीत.”

ती तेव्हा चौदा वर्षांची पोर होती. वरून तिने सगळं पाहिलं होतं आणि मनात ठेवलं होतं. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. “तुला काय कळतं त्यातलं? बाईने दोर वळावेत!” असं काहीतरी मी बोललो आणि चार दिवस तिच्याशी अबोला धरला. हे मी मुद्दाम सांगतोय. पुढचं सगळं मी मोठ्या तोंडाने सांगणार आहे, तर हेही सांगायला हवं.

बाबा म्हातारे झाले. कादूस भरताना पाणी सांडायला लागलं. तेव्हा वरच्या आळीचे वडीलधारे, शाबान हाजी, चार माणसं घेऊन चौकात आले.

“सासी, तुझे हात थरथरतात.”

“हात थरथरतात, अक्कल नाही थरथरत,” बाबा म्हणाले.

“गाठ अकलेने मारत नाहीत. खजुराची उतरणी झाली की मिलूदला बसव. एकदा चुकला तो चुकला. दुसरं आहे कोण तुझ्या घरात?”

बाबांनी वर झरोक्याकडे पाहिलं. मला तेव्हा वाटलं, ते आभाळाकडे बघताहेत. मी कुदळ उचलून बागेत निघून गेलो.

उतरणी सुरू झाली तो दिवस. सकाळ होती. मी बागेतून ओल्या खजुराची पाटी घेऊन चौकात आलो, बाबांना दोन खजूर दिले. तुतीखालच्या बाकावर शाबान हाजी आणि आणखी पाच-सहा जण चहा घेत होते. बाबांनी कादूस भरला, कोनाड्यात टांगला आणि हात मागे घ्यायच्या आत तो रिकामा झाला.

“फुटला की काय?” मी म्हणालो.

बाबांनी पुन्हा भरला. पुन्हा तेच. मग त्यांनी पाटाकडे पाहिलं. पाणी खिंकाळत होतं. मला दुसरा शब्द सुचत नाही. “मिलूद, पट्ट्या आण,” ते म्हणाले. “ही नेहमीची नाही.”

मी वळलो तर तुतीची पानं पिवळी पडत होती. बघता बघता झडली. उघड्या फांद्यांना टचाटच कोंब फुटले, पानं आली, तुतं लागली, पिकली, पडली. एक वर्ष, आणि हाजींच्या पेल्यातला चहा अजून अर्धा होता. वर बायकांचा कल्लोळ उठला, “अगं, पोराला दात आले!” “माझे केस बघ, माझे केस!” हाजींची दाढी छातीवरून पोटावर आली होती. आणि बाबांचे गाल माझ्या डोळ्यांसमोर आत जात होते. एवढी जुनी खोडं ती आमच्या बाकावर बसलेली. ही घोडी अशीच पळत राहिली तर दुपारपर्यंत एकही उरला नसता.

बाबांनी पट्टी टाकली. एक, दोन, तीन. चौथीला बोटं घसरली, पट्टी तुटून वाहत गेली. दुसरी पट्टी. पुन्हा चौथीलाच. तिसरीही गेली. मग त्यांनी ती थरथरती बोटं माझ्याकडे केली. “मिलूद, धर.”

मी धरली. तीन गाठी मारल्या. चौथीचा फास माझ्या बोटाभोवती आला आणि मी थिजलो. आवळावा तर गावाची वर्षंच्या वर्षं तुटतील, सोडावा तर घोडी मोकळी. माझ्या नाकावरून घाम टपटपत होता. डोळे मिटायचे नाहीत एवढं एकच मनात होतं, आणि ते शिकवणारी कोण, तेही आठवत होतं.

तेवढ्यात वरून आवाज आला. “दादा, ती पट्टी सोड. आखूड आहे. बाबा, उधळलेल्या घोडीला एवढ्याशा दोरीवर कोणी फिरवतं का?”

शाबान हाजी उठून उभे राहिले. “वर कोण बोलतंय? पुरुषांच्या चौकात बाईचा आवाज?”

“हाजी, बसा खाली!” ही हनिया. “दाढीत पाय अडकून पडाल, आधी ती सावरा!”

बाबांनी मान वर केली. “दोर किती लांब आहे?”

“चाळीस हात. विहिरीचा.”

“कोणी वळलाय?”

“मी, बाबा. दुसरं कोण वळणार?”

बाबांनी श्वास घेतला. “सोड.”

“सासी!” हाजी म्हणाले. “सात पिढ्यांत असं झालं नाही.”

“सात पिढ्यांत कोणी एका सकाळीत एवढं म्हातारंही झालं नव्हतं, शाबान. गप्प बसा.”

दोर झरोक्यातून खाली आला. मी त्याच्या टोकाला दगड बांधला आणि पाटात सोडला. पाणी तो दगड उचलून न्यायला लागलं, म्हणून मी गुडघाभर पाण्यात उतरून टोक दोन्ही हातांनी दाबून धरलं. त्या दिवशी माझं काम एवढंच. पण म्हणूनच तिचं काम मला डोळ्यांनी नाही, तळहातांनी कळलं.

दोर ताठ झाला. वर पावलं धावायला लागली. ती दोराचं दुसरं टोक धरून झरोक्याभोवती गोल पळत होती, आणि बायका परड्या, सुपं, पोरं उचलून तिला वाट करून देत होत्या. पट्टीवर ओढ टोचते. त्या लांब दोरावर ती लाटेसारखी यायची आणि जायची. पहिली गाठ बसली, माझ्या हातांत ठोका पडला. दुसरी. तिसरी. तिचा आणि घोडीचा वेग एक झाला तेव्हा दोर गुणगुणायला लागला. ‘बरोबर पळ’ असं बाबा वर्षानुवर्षं मला सांगत होते. त्याचा अर्थ मला पस्तिसाव्या वर्षी, पाण्यात उभा असताना कळला.

आता चौथी. ती येईना.

तुतीची पानं दुसऱ्यांदा झडली. पावलं धावतच होती. वर बायका ओरडायला लागल्या, “बांध ना गं, तिब्रा! बांध आता!”

“कोणी बोलू नका,” बाबा म्हणाले. पण त्यांचा आवाज कानाशी तोंड आणल्यासारखा बारीक झाला होता. त्यांचं डोकं माझ्या खांद्यावर येऊन टेकलं. हलकं, रिकाम्या टोपलीसारखं. तुती पुन्हा फळली.

मी वर ओरडलो, “तिब्रा, बाबा जातायत!”

“दिसतंय मला!” ती धावता धावता म्हणाली. तिचा आवाज रडवेला होता, पण पाय चुकत नव्हते. “तू टोक सोडू नकोस!”

पानं तिसऱ्यांदा पिवळी झाली. आणि तेव्हा, गुणगुणणाऱ्या त्या दोरात मला एक अगदी बारीक झोल जाणवला. केसाएवढा. एखादं मोठं जनावर पळता पळता श्वास घेतं, तसा. मला वाटलं, मला भास झाला. पण वर पावलं थांबली, आणि चौथी गाठ बसली.

माझ्या हातांखाली काहीतरी प्रचंड मान वळवत होतं. पाटातलं पाणी क्षणभर उभं राहिलं आणि मग चालायला लागलं. पळत नव्हतं, चालत होतं. पाचवी गाठ. सहावी. तुती सावकाश तिसऱ्यांदा पालवली नि फळली, आणि वरची पावलं आता घरी निघालेल्या माणसाची होती. सातवी गाठ बसली तेव्हा तुतीवरून एक पिकलं तूत सुटलं, आणि मी ते डोळे भरून पडताना पाहिलं. फांदीपासून जमिनीपर्यंत त्याला जेवढा वेळ लागायला हवा, तेवढाच लागला.

कादूस थेंब थेंब गळत होता. मग बाबांनी माझ्या खांद्यावरून डोकं उचललं आणि विचारलं, “तुटलं का काही?”

तिब्रा झरोक्याच्या काठावर ओणवी झाली होती. केसांत तीन वर्षांची वाढ, तळव्यांतून रक्त. “नाही, बाबा. सगळं आहे.”

आणि होतं. तीन वर्षं आमच्यावरून एका सकाळीत गेली, पण त्यांतला एक क्षण हरवला नव्हता. प्रत्येकाला सगळं आठवत होतं. झाडावर राहिलेल्या ओल्या खजुराची खारीक झाली होती, तीही गोड. जी पोरं सकाळी पाळण्यात होती ती संध्याकाळी धाब्यावर पळत होती आणि त्यांच्या आया कपाळाला हात लावून हसत होत्या. आमच्या मुफ्ताह लोहाराच्या घरात जुळ्यांना सकाळी तोंडातून ‘बा’ निघत नव्हतं, ती दुपारी भांडायला लागली. बाबांना ती तीन वर्षं भारी पडली; त्यांची नजर गेली आणि चालताना आधार लागायला लागला. पण ते जिवंत होते.

मी वर गेलो. बायका तिच्या तळव्यांना मेंदीचा लेप लावत होत्या. मी तिच्यासमोर बसलो.

“एवढा वेळ कशाला थांबलीस? मला वाटलं, तुलाही धीर होईना.”

“धीर होतच नव्हता,” ती म्हणाली. “पण भीती वाटली म्हणून आपण गाठ मारतो, दादा, तेव्हा आपण वळतो. ती नाही वळत. ती दमेल तेव्हाच वळते. लांब दोरावर तिला दमायला जागा मिळते.”

“हे बाबांनी शिकवलं?”

“बाबा खाली बसायचे ना, तेव्हा हात नेहमी उजेडात धरायचे. पट्टी अशी तिरपी, वरून दिसेल अशी. तुला कधी प्रश्न पडला नाही, असं अवघडून का बसतात ते?”

मला कधीच पडला नव्हता. मी तिचे दोन्ही हात माझ्या डोळ्यांना लावले. मेंदी माझ्या कपाळाला लागली आणि आठ दिवस गेली नाही. गल्लीत लोक विचारायचे, हे काय रे? मी सांगायचो. चारदा विचारलं तर चारदा सांगायचो.

दुसऱ्या दिवशी दोन्ही आळ्यांची बैठक चौकात भरली. आमच्याकडे घरातल्या बायकांची नावं चौकात घेत नाहीत. ‘घरातली मंडळी’, ‘पोरांची आई’, फार तर ‘अमक्याची बहीण’. तर शाबान हाजी खाकरून म्हणाले, “सासी, काल तुझ्या घरातल्या... म्हणजे, मिलूदच्या बहिणीने मोठं काम केलं. गाव उपकार मानतं. आता जागेचं काय करायचं, मिलूदला—”

बाबा माझ्या खांद्याला धरून उभे राहिले. त्यांना हाजी दिसत नव्हते, तरी त्यांनी बरोबर त्यांच्याकडे तोंड केलं.

“तिब्रा,” ते म्हणाले. “माझ्या मुलीचं नाव तिब्रा. तुम्ही सगळे काल मेला असता, शाबान, मी पहिला. ज्याला आपली घडी नीट बसलेली हवी असेल, त्याने आधी हे नाव घ्यायला शिकावं.”

मी मान खाली घातली होती, कारण माझा चेहरा मला आवरत नव्हता.

हाजींनी आपली लांब दाढी मुठीत धरली. हट्टी माणूस, पण आतून खोटा नव्हता. “तिब्रा,” ते पुटपुटले.

“मोठ्याने, हाजी,” वरून हनिया म्हणाली. “ती वर आहे, ऐकू जात नाही.”

“तिब्रा!” हाजी ओरडले, आणि मग स्वतःच हसले. वरून बायकांनी असा काही जिभा हलवून आनंदाचा गजर केला की तुतीवरचे पक्षी उडून गेले.

ठरलं ते असं. खाली कादूस भरायचा मी, हाळी द्यायची मी. घडी बसवायची तिब्राने, वरून, आपल्या दोरावर. झरोक्याच्या काठाला गावाने तिच्यासाठी दगडी कट्टा बांधून दिला. दगड घडवायला मुफ्ताह लोहार आणि हाजींचे दोन्ही मुलगे होते. त्यानंतर घोडी चारदा सुटली आणि चारही वेळा घरी आली. भाकरीसुद्धा करपली नाही.

दुसऱ्या वर्षी हिवाळ्यात तीन दिवसांच्या वाटेवरच्या एका गावाची माणसं आली. त्यांच्या झऱ्यातली वेळ आटत चालली होती, उधळण्याच्या अगदी उलट. त्यांच्याकडे एका दिवसाला आमचे पाच दिवस लागत होते, आणि आजारी माणूस बरा होता होत नव्हता. त्यांनी चौकात मला विचारलं, “कादूसवाल्या सासींचा वारस तू का?”

“नाही,” मी म्हणालो. “वारस वर आहे. थांबा, तिला विचारतो.”

आमच्या गावातून अशा कामासाठी बाई कधी बाहेर गेली नव्हती. तिब्राने एकच अट घातली. “मी एकदाच येईन. तुमच्या दोन मुली माझ्या हाताखाली द्या, त्या शिकतील. मी जन्मभर पुरणार नाही.”

निघायच्या सकाळी मी तिचा उंट धरून गावातून नेला. खोगिराला तिने वळलेले तीन दोर बांधलेले. वाट चौकातून जाते. मी बाबांना आधीच वेशीपाशी नेऊन बसवलं होतं, त्यामुळे चौकात काय झालं ते त्यांना कळलं नव्हतं. मी तिथे पोचलो तेव्हा त्यांनी माझी बाही पकडली.

“चौकात कोणी होतं?”

“सगळे होते, बाबा.”

“बसले होते?”

“नाही. ती आली तसे उठले.”

आमच्याकडे बसलेला पुरुष उठतो तो हजहून परतलेल्यासाठी, नाहीतर आपल्या बापासाठी. तिब्रा उंटावरून वाकली, त्यांच्या डोक्यावर ओठ टेकले आणि निघाली. तिची पाठ वाळूच्या टेकाडाआड जाईपर्यंत मी उभा होतो.

“कोण कोण उठलं?” बाबांनी विचारलं.

मी एकेक नाव घेतलं. मुफ्ताह लोहार. हाजींचे मुलगे. हनियाचा नवरा. वरच्या आळीचे अकरा, खालच्या आळीचे नऊ. त्यांनी प्रत्येक नाव नीट ऐकून घेतलं, जसा म्हातारा माणूस खजूर चावतो, बी लागेपर्यंत सावकाश.

“आणि शाबान?”

“सगळ्यात आधी तेच उठले, बाबा. काठी न घेता.”

“हं,” बाबा म्हणाले. मग माझ्या दंडाला धरून उठले. “पुन्हा सांग सगळी नावं. वरच्या आळीपासून सुरू कर.”